मामाजींची विसरलेली छत्री

मामाजी, म्हणजे माझे सासरे, कुठूनही निघाले की काहीतरी विसरून जात, आणि तेही मुद्दाम. कधी चष्म्याची डबी, कधी पंचा, कधी छत्री. "वस्तू राह्यली म्हणजे येणं राह्यलं," असं म्हणत.

माझा घटस्फोट झाल्यावरही ते बदलले नाहीत. दर शनिवारी कामठीहून ऑटो बदलत हुडकेश्वरला येत, माझ्या मुलीला, मीराला, तिच्या बाबाकडे नेत आणि रविवारी आणून सोडत. फाटकातूनच मोठ्याने हाक, "सूनबाई!" शेजारी बघत. एकदा म्हटलं, "मामाजी, आता मी सून नाही."

"कोर्टानं तुमचं दोघांचं मिटवलं वं. मले तर कोणी बोलावलंच नव्हतं."

मीरा अकरा वर्षांची असताना एका रविवारी सँडल न काढताच म्हणाली, "आई, मला बाबाकडे राहायचंय." मी सुरू झाले. का? शाळेचं काय? डबा कोण करणार? ती सँडलचा पट्टा उघडत-लावत राहिली.

मामाजींनी पाण्याचा पेला खाली ठेवला. "काहून विचारून राह्यली, सूनबाई? कारण सांगाले तिले तुह्यात खोट काढा लागते. नाही सापडली तर लबाड बोला लागते."

मग मी एवढंच विचारलं, "कधीपासून जायचंय?" तेव्हा मीरा माझ्या कुशीत शिरून रडली.

परीक्षा संपल्यावर मी यादी करून बॅग भरली. माझ्या हातून काही राहत नाही. मामाजींनी चेन उघडून तिच्या निळ्या सपाता काढल्या आणि दाराशी ठेवल्या.

"तिला लागतील तिकडे."

"तिकडं दुसऱ्या घेऊ. ह्या इथंच राहू दे."

"आजोबा, तुम्ही दुसऱ्यांच्या वस्तूपण विसरता?" मीरा हसली. घरात त्या दिवशी तेवढंच हसू झालं.

पुढे शनिवारी ते तिला इकडे आणू लागले. मागच्या हिवाळ्यात, पावसाचं नाव नसताना, छत्री ठेवून गेले. मी फोन केला. "राहू दे, येतोच," म्हणाले. त्याच आठवड्यात गेले. छत्री मी परत केली नाही.

आता मीरा एकटीच येते. सपाता तिला कधीच्या लहान झाल्या आहेत. दाराशी, छत्रीखाली आहेत. रविवारी ती निघते तेव्हा टेबलावर कधी तिची क्लिप राहते, कधी रुमाल. मला ते लगेच दिसतं. तिची ऑटो कोपऱ्यावरून वळेपर्यंत मी बोलत नाही.