अक्काच्या हातावर लिहिताना

मंदाअक्काकडे काम करतो म्हटलं की लोक तीनच प्रश्न विचारतात. तिला कळतं कसं, ती बोलते कशी आणि लिहिते कशी? सुरुवातीला मी सगळं रीतसर समजावून सांगायचो. मग लक्षात आलं, समजावलेलं कुणी लक्षात ठेवत नाही, घडलेलं ठेवतात. तेव्हापासून मी किस्साच सांगतो. एक सांगितला की त्याच्या मागून दुसरा येतो, चहा थंड होतो आणि विचारणारा ज्या कामासाठी आला ते विसरून जातो.

आधी एवढं सांगतो. आठव्या वर्षी तापात अक्काचे कान गेले. डोळे हळूहळू मंदावत गेले आणि बाविसाव्या वर्षी पूर्ण विझले. मधल्या वर्षांत शाळा झाली, अक्षरं हातात बसली. ती तोंडाने बोलते, आवाज जरा सपाट आणि मोठा. आपण तिच्या तळहातावर बोटाने अक्षरं काढायची. जळगावात, पिंप्राळ्याला दोन खोल्यांमध्ये तिची संस्था आहे. ज्यांना दिसतही नाही आणि ऐकूही येत नाही, त्यांच्यासाठी. मी तिथे बारा वर्षं आहे. हुद्दा कारकुनाचा, काम बोटाचं.

*

मुलाखतीला गेलो तेव्हा अक्काने सरळ तळहात पुढे केला. "नाव लिही."

मी 'विलास' लिहिलं आणि सवयीने वर शिरोरेघ ओढली.

"रेघ नको. गुदगुल्या होतात." मग विचारलं, "टायपिंग येतं?"

येत नव्हतं. पण नोकरी हवी होती. मी जरा थांबलो आणि 'हो' लिहिलं.

"'हो' लिहायला इतका वेळ लागत नाही. येत नाही ना?"

मी 'नाही' लिहिलं.

"हे बघ, हे कसं झटकन आलं. उद्यापासून ये."

*

माणसं ती हातावरून ओळखते. एकदा भेटलेला माणूस वर्षाने आला तरी हात हातात घेतल्यावर नाव सांगते. नवीन असेल तर अंदाज बांधते आणि बहुतेक वेळा तो बरोबर निघतो. केळीच्या चिकाचे डाग तिला दिसत नाहीत, पण बागेत काम करणाऱ्याचा हात तिला वासावरून कळतो.

एकदा एक पुढारी आले. बरोबर चार-पाच माणसं आणि एक फोटोवाला. पुढाऱ्यांनी अक्काचा हात दोन्ही हातांत धरला. फोटो नीट येईपर्यंत धरूनच ठेवला.

अक्का माझ्याकडे तोंड करून म्हणाली, "विलास, हा हात सोडेना. निवडणूक आली का?"

अक्काला हे कानात सांगितल्यासारखं वाटलं होतं. ऐकलं मात्र सगळ्यांनी.

*

आता जरा गंभीर. अक्काला अपंगत्वाचं नवीन प्रमाणपत्र काढायचं होतं. मी तिला घेऊन एका कचेरीत गेलो. खिडकीतल्या बाबूंनी फॉर्म पाहिला आणि म्हणाले, "दोन रकाने भरलेत तुम्ही. एका माणसाला एकच. दृष्टी लिहा नाहीतर श्रवण लिहा."

मी ते अक्काच्या हातावर लिहिलं. ती म्हणाली, "साहेब, मग काय घरी ठेवून येऊ? कान की डोळे?"

रांगेतले लोक हसले. बाबू मात्र चिडले. "नियम मी केलेला नाही," म्हणाले.

"बरोबर आहे," अक्का म्हणाली. "ज्यांनी केला ते भेटेपर्यंत मी बसते."

बाकावर बसली. दुपारी डबा खाल्ला. दुसऱ्या दिवशी परत जाऊन बसली. संध्याकाळी बाबू स्वतः उठून आले आणि मला विचारलं, "यांच्याशी बोलायचं कसं?" मी दाखवलं. त्यांनी तिच्या हातावर एकेक अक्षर सावकाश लिहिलं. 'उद्या या. साहेबांशी बोलतो.'

साहेबांनी फाइली काढल्या, कायदा वाचला. दोन्ही एकत्र असलेल्यांची सोय त्यात होतीच, कचेरीत कुणी पाहिली नव्हती एवढंच. प्रमाणपत्र मिळालं. पुढच्या सोमवारी अक्का त्याच खिडकीवर परत हजर. बरोबर तसेच आणखी चौघं.

बाबूंनी कपाळाला हात लावला. मग खिडकी सोडून बाहेर आले आणि पहिल्याचा हात हातात घेतला.

*

अक्काचा थोरला भाऊ म्हणजे नाना. वरणगावच्या फॅक्टरीतून रिटायर झाला. रोज सकाळी अक्काशेजारी बसून तो मांडीवर पेपर उघडतो आणि बातम्या तिच्या हातावर लिहितो. अक्काचा दुसरा हात पेपरच्या कडेवर असतो. पानं उलटलेली तिला कळतात.

एका आठवड्यात चार दिवस हे नीट चाललं. पाचव्या दिवशी अक्का म्हणाली, "नाना, पाचव्या पानावर हल्ली काहीच घडत नाही का?"

नाना गप्प. म्हणजे त्याचं बोट गप्प.

पाचव्या पानावर निधनवार्ता असतात. अक्काची शाळेतली मैत्रीण वारली होती. कान गेल्यावर वर्गात तिच्या वहीत शिक्षकांचं बोलणं लिहून देणारी तीच. बातमी आली त्या दिवसापासून नानाने ते पान तिच्यापाशी उघडलंच नव्हतं. त्याने मैत्रिणीचं नाव लिहिलं. शेवटचं अक्षर त्याच्याने पुरं होईना.

अक्काने त्याचं बोट मुठीत धरलं. म्हणाली, "नाना, डोळे गेले, कान गेले. रडणं तरी माझ्याकडे राहू दे."

त्या दिवसापासून नाना पाचवं पान आधी वाचतो.

*

अक्काने पुस्तक लिहायला घेतलं ते त्यानंतर. तिच्या फोनला एक पट्टी जोडलेली आहे, तिच्यात ब्रेलचे ठिपके वर येतात आणि खाली जातात. बोटांनी त्यावर ती वाचते आणि शेजारच्या बटणांवर लिहिते. दीड वर्षात पुस्तक झालं. धुळ्याचे एक प्रकाशक तयार झाले. ते नाव ठरवूनच पिंप्राळ्याला आले होते, 'अंधारातली पणती'.

मी ते हातावर लिहिलं. अक्का म्हणाली, "मला पणतीचा फक्त चटका कळतो."

प्रकाशक म्हणाले, "ताई, लोकांना असंच नाव आवडतं."

"मग लोकांनी लिहावं तसं पुस्तक."

शेवटी नाव ठरलं 'आधी हात दे'. प्रकाशक जाताना दारातून परत फिरले. नमस्कार करायचा राहिला म्हणून त्यांनी हात जोडले. मग ते लक्षात येऊन हात सोडले आणि एक पुढे केला.

*

प्रकाशन धुळ्याला झालं. अध्यक्ष अक्काबद्दल बोलायला उभे राहिले आणि बोलतच राहिले. अक्काने विचारलं, काय म्हणतात. मी लिहिलं, 'स्तुती'. पाच मिनिटांनी परत विचारलं. मी परत 'स्तुती' लिहिलं. तिसऱ्यांदा तिने विचारलं, "संपलं का याचं?" आणि समोर माइक होता.

अध्यक्ष खाली बसले. अक्का उभी राहून दोनच वाक्यं बोलली. "तुमच्या गावात एखादं पोर असं असेल, न बघणारं, न ऐकणारं, तर मला सांगा. माझी स्तुती नंतर करता येईल."

कार्यक्रम संपल्यावर साक्री तालुक्यातली एक बाई थांबून राहिली होती. म्हणाली, "मनी पोर बी अशीच शे, अक्का. पन तिले काहीच समजत नही. आम्ही बठ्ठं करी दखं." म्हणजे सगळं करून पाहिलं होतं.

पुढच्या गुरुवारी आम्ही तिच्या मळ्यात गेलो. पोरगी नऊ-दहा वर्षांची, जन्मापासूनच तशी. नाव जयू. तिचा पाय जुन्या साडीने खाटेला बांधलेला. मला राग आला. तो दिसला असावा. आई म्हणाली, "मी वावरमा जास, भाऊ. मांगे हीर शे." म्हणजे ती शेतात जायची आणि मागे विहीर होती, तीही उघडी.

मी ते लिहिल्यावर अक्का म्हणाली, "मग आधी विहीर."

पुढच्या खेपेला ती ग्रामपंचायतीत जाऊन बसली. बसण्यात तिचा हात कुणी धरत नाही. तिसऱ्या खेपेला विहिरीवर जाळी आली, चौथ्या खेपेला साडी सुटली.

जयूला अक्काने काहीच शिकवलं नाही. जयू दिवसभर कापसाची बोंडं कुस्करत बसायची. अक्का तिच्याशेजारी बसून बोंडं कुस्करायची. आई दर वेळी विचारायची, "आज काय शिकाडं?" अक्का म्हणायची, "अजून ओळख होतेय."

अक्काच्या उजव्या मनगटात लाखेची जाड बांगडी असते. आल्यावर आणि निघताना ती जयूचा हात त्या बांगडीवर ठेवायची. दर गुरुवारी असं करत तीन महिने गेले. एका गुरुवारी आम्हाला जायला जमलं नाही. त्याच्या पुढच्या गुरुवारी गेलो तेव्हा आई ओट्यावर वाट बघत उभी होती. आठवडाभर जयू येईल-जाईल त्याचा हात ओढत होती आणि स्वतःच्या मनगटाभोवती बोट फिरवत होती. "हाई काय करस ती?" आईने विचारलं.

मी अक्काच्या हातावर लिहिलं. ती ओट्यावरच खाली बसली. "माझं नाव घेते आहे," म्हणाली.

आई पदर तोंडाला लावून आत गेली. त्यानंतर जयूच्या हातातून शब्द येत राहिले. भाकर, पाणी, शेळी, आई.

मागच्या महिन्यात गेलो होतो. दोघी ओट्यावर बसलेल्या, हातात हात. जयूची बोटं भराभर चालली होती. मधेच तिने अक्काच्या हातावर काहीतरी केलं आणि दोघी हसू लागल्या. थांबेचनात. मी अक्काच्या हातावर लिहिलं, 'काय झालं?'

"हिने तुझं नाव ठेवलंय."

'काय?'

अक्काने माझा हात घेतला. मनगटापासून कोपरापर्यंत एक बोट सावकाश नेलं आणि कोपरावर हलकीच टिचकी मारली. जयू पुन्हा हसली.

'म्हणजे काय?' मी लिहिलं.

"मला काय विचारतोस?" अक्का म्हणाली. "तिचा हात घे, तिला विचार."