बर्फ पडला की मीनाक्षीताईंची शाळा

अमेरिकेतल्या आमच्या नोव्हाय गावच्या गल्लीत एक किस्सा निघाला, की त्याचं शेपूट धरून दुसरा येतो. त्यातले निम्मे मीनाक्षीताईंच्या बेसमेंटमधले. नागपूरला त्यांनी कितीतरी वर्षं शाळेत शिकवलं. इथे नवऱ्याच्या व्हिसावर आल्या आणि नोकरी सुटली, पण शिकवल्याशिवाय त्यांना करमत नाही. मग बर्फाने शाळा बंद झाली, की आम्ही ऑफिसच्या कॉल्सवर आणि पोरं ताईंकडे, अशी सोय झाली. दोन्हीकडची!

*

पहिल्या दिवशी ताईंनी हजेरीच घेतली. माझा ईशान म्हणाला, "मावशी, इट्स अ स्नो डे!" मग एकेक पोरगं बाथरूमला म्हणून गेलं ते परत आलंच नाही. ताईंचं तोंड एवढंसं झालं.

*

पुढच्या खेपेला त्यांनी मोठी परात काढली आणि पोरांना मागच्या उतारावर नेलं. परातीत बसून घसरायचं, एकदा तशीच, एकदा परातीच्या बुडाला तूप चोपडून. किती लांब गेलो ते लाटण्याने मोजायचं. पोरांना घर्षण इतकं पक्कं समजलं, की आमच्या घरचं तूप संपलं.

*

माझा नवरा कार कंपनीत ब्रेक डिझाइन करतो. पोरांना थिअरी समजवायला म्हणून मीटिंग सोडून गेला आणि डेमो द्यायला स्वतःच परातीत बसला. थेट उताराखालच्या शेजाऱ्यांच्या मेलबॉक्सच्या खांबावर!

ताईंनी शांतपणे पोरांना विचारलं, "आता सांगा, ब्रेक कशाला लागतो?"

*

पातेलंभर बर्फ वितळला की जेमतेम वाटीभर पाणी होतं, हेही तिथेच कळलं. त्या दिवशी ईशान माझ्या पालकाच्या भाजीकडे बघून म्हणाला, "आई, सेम एक्सपेरिमेंट."

*

यंदा मात्र बर्फ रुसलाच. ताई सारख्या फोनवर वेदर बघायच्या आणि फोन बाजूला ठेवून द्यायच्या. मला फार वाईट वाटायचं.

इथल्या पोरांची एक समजूत आहे. नाईटड्रेस उलटा घालून झोपलं, की सकाळी बर्फ पडून शाळा बंद! ईशानने ती ताईंना सांगितली, तर असल्या अंधश्रद्धा बाळगतोस म्हणून त्यांनी त्यालाच झापलं.

त्याच आठवड्यात जेवणं आटोपल्यावर मी त्यांच्याकडे विरजण मागायला गेले. ताईंनी दार उघडलं. गाऊनच्या सगळ्या शिवणी बाहेर, लेबल मानेवर.

"ताई, गाऊन उलटा घातलाय तुम्ही."

"माहीत आहे," ताई म्हणाल्या. "विरजण किती हवंय?"