पोरीला कोणी नेलं

"या माउलीला वाचता येत नाही. म्हणून तिच्यासाठी मी एक पान मोठ्यानं वाचतो," असं पाहुणे माईकवर म्हणाले आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या कशाच्या? माझ्या अडाणीपणाच्या.

परभणीतला हॉल. माझ्या नवऱ्यानं आत्मचरित्र लिहिलं, त्याचा सत्कार. नवरा शाळामास्तर, आमच्या वस्तीतला पहिला शिकलेला माणूस. पाहुणे पुण्याचे प्राध्यापक. मी स्टेजवर कडेच्या खुर्चीत, मांडीवर सत्काराची साडी-चोळी. ते पुस्तक सहा महिने माझ्याच घरात होतं. फडताळात गठ्ठे. त्यावरची धूळ मी पुसायची. आत काय आहे ते मला कोणी सांगितलं नाही, आणि मीही विचारलं नाही. मास्तरांचं दुःख मोठं, त्यात आपलं काय असणार, असं वाटायचं.

पाहुण्यांनी वाचलेलं पान आमच्या पोरीच्या मरणाचं होतं. दुष्काळात हगवणीनं गेली. दोन वर्षांची. पुस्तकात बाप तिला धोतरात गुंडाळून ओढ्याकाठी नेतो. खड्डा खणतो. कुत्र्यांनी उकरू नये म्हणून वर दगड रचतो. आणि तिची अडाणी आई घरात भिंतीला टेकून बसलेली असते. तिला रडताही येत नाही.

हॉलमधल्या बायका डोळे पुसायला लागल्या.

पोर गेली त्या दिवशी मास्तर औरंगाबादला होते, कवींच्या मेळाव्याला. वस्तीतले गडी खडीच्या कामावर, कोसभर लांब. पोर मीच नेली, माझ्या लुगड्याच्या पदरात. सोबत शेजारची म्हातारी, तीही निम्म्या वाटेत बसली. खड्डा मी खणला. दगड मी रचले. मास्तर तिसऱ्या दिवशी आले. मला जवळ बसवून विचारत राहिले, "मग? मग काय केलंस?" लग्न झाल्यापासून माझं इतकं कोणी ऐकलं नव्हतं. वाटलं, बाप आहे, जीव तुटतोय. सगळं सांगितलं. दगडांचंसुद्धा.

मी खुर्चीतून उठले. माईक लांब होता, पण माझा आवाज खडी फोडणाऱ्या बाईचा.

"हे तिथं नव्हतेच. पोर म्या नेली."

पाहुणे हसले. "भावना अनावर झाल्यात. ताईंना पाणी द्या."

मास्तर दात आवळून म्हणाले, "खाली बस. माझी इज्जत घालवायलीस."

साडी खुर्चीवर ठेवली आणि पायी स्टेशन गाठलं. मागं एकही बाई आली नाही. मघाशी रडत होत्या त्यांतलीसुद्धा नाही. गाडीतून आमच्या चुडाव्याला उतरले तेव्हा फलाटावर मी एकटीच होते.

मास्तर दुसऱ्या दिवशी आले. "बाप हाय मी तिचा. दुख दोघांचं न्हाई का?"

"तुमचं दुख लिवा की. माझे हात कशाला घेतले?"

त्या दिवसापासून ते माझ्याशी बोलत नाहीत. त्यांना जगानं छळलं हे खरं. पाणवठ्यावरून हाकललं, पुस्तकातल्या त्या पाणवठ्याच्या पानातला शब्द न् शब्द खरा आहे. पण म्हणून माझ्या पदरातली पोर काढून घ्यायची? वस्तीतल्या बायका म्हणाल्या, शिकलेल्या नवऱ्याला खाली बघायला लावलं हिनं. त्यानंतर माझ्या चुलीशी कोणी बसायला आलं नाही.

धाकट्या पोराच्या अंकलिपीवर बोट ठेवून मी अक्षरं शिकले. वर्ष गेलं. घरात मास्तर असून विचारायला कोणी नव्हतं. मग पुस्तक काढलं, ते पान शोधलं. पोरीचं नाव कुठंच नाही. सगळीकडे नुसतं 'माझं लेकरू'.

दुसरी आवृत्ती निघणार म्हणतात. निघू द्या. जिथं सत्कार होईल तिथं मी जाणार. समोर उभी राहून हे माझ्या हातानं लिहिलेलं मोठ्यानं वाचणार. मास्तरांनी घराबाहेर काढलं तरी वाचणार.

तिचं नाव सुजाता होतं. तिला मी नेलं.