तहकूब सभा

वाडीच्या लोकांना त्या दिवशी उशीर झाला नव्हता. बांधावरून चालत येणारी त्यांची रांग मला स्पष्ट दिसत होती आणि तरीही मी ग्रामसभा तहकूब केली. नियमाप्रमाणे जेवढे थांबायला हवे होते, तेवढाही मी थांबलो नाही. ही गोष्ट मी माझ्या पत्नीलाही कधी सांगितली नाही.

चितेगावच्या पुढे, पैठण रस्ता सोडून आत असलेल्या एका गावात मी तेव्हा ग्रामसेवक होतो. निजामाच्या अमलात या गावाला पाटील होता, पटवारी होता. नाल्यापलीकडे गावाची जनावरे बसत आणि ती राखणारी माणसे तिथेच झोपड्या घालून राहत. जनावरे गेली, माणसे राहिली, त्यांच्या वस्तीला वाडी म्हणू लागले. ग्रामपंचायत आली ती गावात, आणि वाडी तिला जोडली गेली. पुढे कारखाने निघाले. गावातली शिकलेली कुटुंबे शहरात गेली. आमच्यासारखी, पिढ्यान्‌पिढ्या कारकुनी केलेली घरे तर सर्वांत आधी. गावात कुलपे वाढली, वाडीत पाळणे वाढले. मतदार यादीत मात्र कुलपांचीही नावे कायम राहिली.

निधी डोक्यांवर येतो. डोकी वाडीची मोजायची आणि सिमेंटचा रस्ता गावात करायचा, हीच आमची रीत होती. वाडीच्या डोक्यांवर आलेली पाण्याची टाकी आम्ही बंद घरांच्या गल्लीत बांधली. वाडीच्या बायका नाल्यातल्या झऱ्यावर वाटीने पाणी भरत राहिल्या. आजही हे आठवले की अंगाचा तिळपापड होतो, आणि तो राग दुसऱ्या कोणावर काढायची सोय नाही. त्या प्रत्येक कामाच्या कागदावर सही माझी आहे.

वाडीने वेगळी ग्रामपंचायत मागितली. त्यासाठी ग्रामसभेचा ठराव हवा होता. वाडीतून निवडून आलेल्या सदस्य, ज्यांना सगळे मेंबरबाई म्हणत, त्या घरोघर फिरल्या आणि सर्वांना एक दिवस मजुरी बुडवायला तयार केले.

सभेची वेळ झाली तेव्हा सरपंच माझ्याजवळ सरकले.

“भाऊसाहेब, कोरम भरला का?”

“नाही. पण वाडीचे लोक येताहेत. ते बघा, बांधावर.”

“मी काय इचारलं? भरला का?”

“नाही.”

“मग करा की तहकूब. तहकूब सभेला कोरम लागत नाय, तुम्हीच तर शिकवलंय आम्हाला!”

बसलेले चारदोन लोक हसले. खरेच, मीच शिकवले होते.

वाडीची माणसे पोहोचली तेव्हा मी त्यांना पाणी दिले. म्हणालो, “सभा तहकूब झाली. तुम्हाला थोडा उशीर झाला. पुढची तारीख कळवतो.” गवंडीकाम करणारे वाडीतले एक चाचा म्हणाले, “घड्याळ तुमचं, टाइम भी तुमचा. हमारे पास क्या, सिर्फ चलना!” त्यांच्यातलेच काही हसले आणि सगळे माघारी गेले. दुपारी त्याच खोलीत, त्याच चारदोन लोकांसमोर मी तहकूब सभा पुन्हा भरवली आणि लिहिले: विभाजनाची आवश्यकता नाही. सर्वानुमते.

सरपंचांनी मला धमकी दिली नव्हती. मला शहराजवळ बदली हवी होती आणि त्यांचा शब्द वर चालत असे, एवढेच. बदली झाली.

माझा आवाज कधी चढत नाही. लोक याला सज्जनपणा समजत आले. ओरडणाऱ्या अधिकाऱ्याशी निदान भांडता तरी येते. माझ्याशी कोणाला भांडताच आले नाही. “बघू या”, “वर पाठवले आहे”, “तारीख कळवतो” अशा मऊ शब्दांनी मी एक अख्खी वाडी दारातून परत पाठवली. या मऊपणाची मला आता चीड येते.

गेल्या वर्षी तहसीलच्या व्हरांड्यात मेंबरबाई भेटल्या. त्यांनीच ओळखले.

“भाऊसाहेब, तुमचा राग गेला का?”

“माझा राग?”

“त्या दिशी मीच म्हणलं, बायांनो, भाकरी उरकून निघा, म्हंजी अर्ध्यातून कुणी माघारी पळायचं नाय. त्यात उशीर झाला, तुमची सभा नासली. वाडीनं मला पुन्हा उभं केलं नाय. भाकरीपायी पंचायत घालवली म्हणत्यात. जाऊबाई तर अजून मी तवा ठेवला की म्हणती, ‘बघ बाई, उशीर व्हईल!’” त्या हसल्या. मग म्हणाल्या, “तेवढी माफी करा आम्हाला.”

मी केलेल्या फसवणुकीची माफी त्या मागत होत्या. आणि मी काय केले? “छे छे, तसे काही नाही,” असे म्हणून बसमध्ये बसलो. शहर येईपर्यंत मी स्वतःला मनात शिव्या देत होतो. ठराव गेला तो वाडीचा. पण या बाईचा तर घरातला मान गेला होता, आणि तो परत देणे एकट्या माझ्या हातात होते.

पुढच्या रविवारी मी वाडीत गेलो. शाळेच्या ओट्यासमोर लोक जमले. एकजण म्हणाला, “रिटायरमेंट जवळ आली वाटतं, भाऊसाहेबांना वाडी आठवली!” तो खोटे बोलत नव्हता. मेंबरबाई मागे, जाऊबाईंच्या शेजारी उभ्या होत्या. मी त्यांच्याकडे पाहून, सर्वांना ऐकू जाईल असे बोललो.

“त्या दिवशी तुम्हाला उशीर झाला नव्हता. तुम्ही येताना मला दिसत होता आणि मी सभा तहकूब केली. तुम्ही गेल्यावर दुपारी तीच भरवली आणि तुमची मागणी फेटाळली. लागेल तिथे हे लेखी देईन. मेंबरबाईंनी काहीही घालवलेले नाही. घालवले ते मी. मेंबरबाई, मी तुमची माफी मागतो. तुमच्या वाडीसमोर मागतो.”