पीचच्या झाडातला खोडकिडा

माझा भाऊ फौजेत आहे. एकदा सुट्टीवर येताना त्यानं हिमाचलातून ओल्या पोत्यात गुंडाळून पीचचं रोप आणलं आणि कुंभारीतल्या आमच्या घरामागं लावलं. सोलापूरच्या उन्हात ते टिकणार नाही, असं सगळ्यांनीच सांगितलं. आईनं मात्र भाज्या धुतलेलं पाणी घालून घालून ते जगवलं. चार वर्षांत माझ्या डोक्याच्या वर गेलं.

मी तेव्हा अकलूजला शाळेत शिकवायचे. एका रविवारी घरी आले तर आई झाडाच्या बुंध्यापाशी बसलेली. खोडाला भोक, त्यातून ओघळलेला डिंक आणि खाली लाकडाचा भुसा.

"आतून खातंय की गं कायतरी," ती म्हणाली.

शेजारच्या मळ्यातले डाळिंबवाले अण्णा बघायला आले. घरात कानडी बोलणारे, आमच्याशी मराठीत.

"खोडकिडा हाय. लई आत गेलाय. तोडून टाका, न्हायतर माझ्या डाळिंबात येईल."

"पोरानं लावलंय वो," आई म्हणाली. "तोडायचं न्हाय."

अण्णा घरी जाऊन सायकलच्या चाकाची तार घेऊन आले. टोक वाकवून ती भोकात घातली, फिरवली. तासभर काही हाती लागेना. शेवटी आईनंच तार घेतली, आणि बोटाएवढी पांढरी अळी ओढून काढली. माझ्या स्कूटरमधल्या पेट्रोलात कापूस भिजवून अण्णांनी बोळा आत कोंबला, वरून चिखल लिंपला.

आईनं मला लगेच भावाला व्हिडिओ कॉल लावायला सांगितला. अळी ताटलीत घेऊन मोबाइलसमोर धरली. "बघ, तुझ्या झाडात कोण ऱ्हात हुतं!"

भाऊ इतका हसला, की त्याचे सोबती मागं गोळा झाले.

एक फांदी वाळली, बाकी झाड वाचलं. पुढच्या वर्षी तीन फळं धरली, लिंबाएवढी. भाऊ येईपर्यंत आईनं ती फडक्यात बांधून पाखरांपासून राखली. चांगलीच आंबट निघाली. दोन आम्ही तिघांनी सालीसकट खाल्ली, एक अण्णांकडं पाठवलं.

आई गेली त्या वर्षी बुंध्याकडं बघायचं कुणालाच सुचलं नाही. दिवाळीत गेले तेव्हा साल दाबली की बोट आत जात होतं. भावाला सांगायला मला आठ दिवस लागले.

"तू हात लावू नको," तो म्हणाला. "मी आलो की झाड मीच काढीन."