सरूआत्याने बकऱ्या पोचवलेली टेकडी

सकाळी नागपूर सोडलं तेव्हा सरूआत्या पुढच्या सीटवर बसली होती. माझ्या वडिलांची ही थोरली बहीण, आता पंच्याण्णव पार. "एकडाव ती टेकडी दाखव गा मले," म्हणून महिनाभर माझ्या मागे लागली होती.

हिंगण्याच्या पुढे टपरीवर गरम आलुबोंडे घेतले. कवच तिने मला दिलं, आतली भाजी स्वतः खाल्ली. मग डांबर संपलं आणि नाल्याच्या रेतीत गाडीचं चाक रुतलं. शेतातल्या दोघांनी धक्का दिला.

"कुठं चालल्या, माय?" एकाने विचारलं.

"बकऱ्या पोचवल्या होत्या गा मी इथं."

ते हसले. आत्या हसली नाही.

नाल्याकाठी बसून ती बोलू लागली. महायुद्धाचे दिवस होते. इंग्रज सरकारविरुद्ध उठलेले काही जण टेकडीवर लपले होते, उपाशी. त्यांच्या जेवणासाठी बकऱ्या पोचवायच्या होत्या. माझे आजोबा, म्हणजे तिचे वडील, तापाने पडले, म्हणून चौदा वर्षांची आत्या एकटीच तीन बकऱ्या घेऊन निघाली. नाल्याला टोंगळाभर (गुडघाभर) पाणी. बकऱ्या पाण्यात उतरेनात; एकेकीला तिने उचलून पार केलं. पलीकडे शिपायाने अडवलं. "देवीच्या नवसाच्या हायेत," ती म्हणाली. त्याने जाऊ दिलं.

"वर पोचली अन् मले रडू फुटलं. त्यातल्या चांदी बकरीले मी बोटानं दूध चाटवून जगवलं होतं. त्याईचा म्होरक्या म्हणे, 'काहून रडतं वं? हिले नाही कापत आमी.'"

इथवरची गोष्ट घरात सगळ्यांना ठाऊक होती. पुढची मी आज पहिल्यांदा ऐकली. पंधरा दिवसांनी तो माणूस स्वतः चांदीला घेऊन गावात आला, तिला अंगणात बांधलं आणि परत जाताना शिवेवर पकडला गेला. नंतर त्याचं काय झालं, गावाला कधीच कळलं नाही.

टेकडी चढणं आत्याला शक्य नव्हतं. पायथ्याशी माझा खांदा धरून ती उभी राहिली. मग खांदा सोडून तिने हात जोडले.

परतताना हिंगण्यात कारखान्यांची पाळी सुटली होती. मोटरसायकली, कंपनीच्या बसेस. गाडी जागची हलेना.

"मी रडली नसती, त तो खाली आला नसता," आत्या म्हणाली.

"त्यालेच वाटलं असंल आत्या, तुही बकरी तुले द्यावी."

तिने माझा हात थोपटला, जणू समजूत मलाच हवी होती.

"हो गा. पन त्याच्या घरीबी कोनी वाट पाहून राहिलं असंल."