शैलावन्सं आणि रेडिएटरमधला चहा

माळशिरसला धाकट्या बहिणीकडे गेले होते. सकाळी अंगणात बसून आम्ही दोघी हरभऱ्याचे घाटे सोलत होतो, तेवढ्यात ह्यांचा फोन आला. "ताई गेली," एवढंच म्हणाले. शैलावन्सं म्हणजे ह्यांच्या थोरल्या बहीण, माझ्या नणंद. सकाळचा चहा घेऊन खुर्चीत बसल्या होत्या, तशाच गेल्या. हृदयाचं दुखणं जुनंच, त्यामुळे डॉक्टरांना आश्चर्य वाटलं नाही. मला वाटलं. येत्या शनिवारी आम्हाला व्हॅन घेऊन बाहेर पडायचं होतं, आणि ठरलेला शनिवार वन्संनी आपणहून चुकवला असं मला आठवत नव्हतं.

नंतरच्या दिवसांत भेटायला आलेली माणसं त्यांच्याबद्दल बोलत, ते बहुतेक एकाच वन्संबद्दल. कडक इस्त्रीची सुती साडी, केसांचा घट्ट अंबाडा, रसायनशास्त्र शिकवणाऱ्या बाई, वर्गात टाचणी पडली तरी ऐकू यावी असा दरारा. ते सगळं खरंच आहे. मला मात्र डोळे मिटले की दुसऱ्याच वन्सं दिसतात. कोपरापर्यंत काळे हात, कपाळावर ग्रीसचा पट्टा, आणि गॅरेजच्या दारात उभं राहून, सगळा रस्ता ऐकेल इतक्या मोठ्यानं हसणाऱ्या. साठी ओलांडल्यावरची ही गोष्ट आहे आणि ती सांगितल्याशिवाय मला चैन पडायचं नाही.

वन्संनी लग्न केलं नाही. निवृत्त झाल्यावर त्या सोलापूरच्या जुळे सोलापूर भागात आमच्या समोरचाच फ्लॅट घेऊन राहायला आल्या. आम्हाला वाटलं, आता टीव्ही, देवदर्शन, भाचरांची लग्नं... वर्षाच्या आत त्यांनी एक जुनी डिझेल व्हॅन विकत घेतली, मागच्या सीटा काढून टाकल्या आणि तिथं लाकडी कप्पे बसवून घेतले. शाळा मोडीत काढत होत्या ती परीक्षानळ्यांची स्टँडं, तराजू, दोन सूक्ष्मदर्शकं, स्पिरिटचे दिवे, सगळं त्यांनी गोळा केलं, घासून पुसून लखलखीत केलं. दर शनिवारी ही फिरती प्रयोगशाळा घेऊन त्या मैंदर्गी गावाच्या पलीकडच्या वाड्यावस्त्यांवरच्या शाळांत जायच्या. मी विमा कंपनीतल्या कारकुनीतून मोकळी झालेली. सोबतीला म्हणून गेले आणि काचेची भांडी धुणारी, ती पुसून ठेवणारी त्यांची मदतनीस होऊन बसले. विज्ञानाशी माझा संबंध शाळेत सुटला तो सुटलाच होता, पण लिंबाच्या रसानं निळा कागद लाल झाला की पोरींचे डोळे जे मोठे व्हायचे, ते बघायला मी कुठंही गेले असते.

ती गॅरेजची गोष्ट घडली त्या वर्षी दहावीची प्रात्यक्षिक परीक्षा तीनेक आठवड्यांवर आली होती. एका शाळेतल्या पोरींचे निम्मे प्रयोग व्हायचे होते. परतीच्या वाटेवर, मैंदर्गी अजून पुढं असतानाच, तापमानाचा काटा लाल पट्ट्याकडे चढताना वन्संना दिसला. त्यांनी तिथल्या तिथं गाडी बाजूला घेतली आणि इंजिन बंद केलं. मी म्हटलं, "मैंदर्गी जवळ आहे, तिथवर जाऊ की." तर म्हणाल्या, "ताप आलेल्या माणसाला पळवतात का, मंदा?" शेजारच्या माळावर बिरप्पा मेंढरं चारत होता. त्याची रेणुका आमच्याच दहावीत होती, म्हणून तो ओळखायचा. तो पाण्याची घागर घेऊन आला. इंजिन पुरतं गार होईपर्यंत आम्ही बाभळीखाली बसलो, मग वन्संनी फडकं धरून रेडिएटरचं झाकण उघडलं. आत पाणी दिसतच नव्हतं. करड्या तपकिरी रंगाची, सायीसारखी दाट, चिकट राड होती. बिरप्पानं वाकून बघितलं आणि गंभीरपणे विचारलं, "बाई, ह्यात कुनी च्या वतला व्हय?"

वन्संनी बोट बुडवलं, दोन बोटांत चोळून बघितलं, वास घेतला. "तेल आहे," त्या म्हणाल्या. "इंजिनचं तेल पाण्यात आलंय."

गाडी ओढून सोलापुरात आणली ती लतीफभाईंच्या गॅरेजमध्ये. लतीफभाई वन्संच्याच वयाचे, पांढरी दाढी, बोलणं सगळं दख्खनीत. त्यांनी रेडिएटरमध्ये डोकावून च्‌ च्‌ केलं. "बाई, हेड ग्यासकिट गया. इंजन खोलना पडेगा. इत्ती पुरानी गाडी पे कायकू इत्ता करते?" घरी आल्यावर ह्यांनीही तेच सांगितलं. "ताई, पुरे झालं. विकून टाक. तुझ्या छातीला ही दगदग झेपणारी नाही." शाळेच्या मुख्याध्यापकांचा निरोप आला की गाडी नसली तर पोरींची तोंडीच परीक्षा घेऊन भागवू. सगळे प्रेमानंच बोलत होते. आणि त्या प्रेमापायी वन्सं कायमच्या खुर्चीत बसणार, हे मला लख्ख दिसत होतं. त्या मात्र वाद घालायच्या भानगडीत पडल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी जुनी साडी नेसून रिक्षानं गॅरेजवर हजर झाल्या. मागोमाग मीही.

"लतीफभाई, खोलायच्या आधी जरा विचार करू," त्या म्हणाल्या. तेल आणि पाणी इंजिनात शेजारी शेजारी फिरतात, पण वेगवेगळ्या वाटांनी. दोघांमधली भिंत फुटली तरच ती भेटतात, आणि अशा भिंती दोन ठिकाणी आहेत. एक त्या वरच्या हेडखाली, लतीफभाई म्हणाले ती ग्यासकिटची पातळ चकती. दुसरी बाजूच्या लहानशा डब्यात, ऑइल कूलरमध्ये, जिथं पाण्याकडून तेल गार करून घेतात. हे त्यांनी मला फळ्यावर काढावं तसं फरशीवर खडूनं काढून दाखवलं. मग एकेक बघत गेल्या. तेल मोजायची कांडी काढली, तेल काळं पण स्वच्छ, त्यात पाण्याचा पांढुरकेपणा नाही. राड उपसून साधं पाणी भरलं, झाकण उघडं ठेवून गार इंजिन सुरू केलं, आत बुडबुडे नाहीत. मागं धूर बघितला, पांढरा नाही. "हेडखालची भिंत फुटली असती तर यातलं काहीतरी दिसलं असतं. इंजिन चालू असताना तेलाला जोर जास्त, पाण्याला कमी. म्हणून तेल पाण्यात गेलं, पाणी तेलात आलं नाही. माझा संशय कूलरवर आहे."

लतीफभाईंनी दाढी खाजवली. "बात तो बराबर है," म्हणाले. त्यांनी कूलर उतरवला, तेलाच्या वाटेचं एक तोंड रबरी बुचानं बंद केलं, दुसऱ्या तोंडाला हवेची नळी जोडली आणि सायकलची ट्यूब बुडवतात तसा पाण्याच्या घमेल्यात बुडवला. आम्ही तिघंही वाकलो... एकही बुडबुडा नाही. हवा वाढवली, तरी नाही. लतीफभाई सावकाश उठले. त्यांनाही वाईट वाटलं असावं. "कूलर अच्छा है, बाई. अब हेडच उतारना."

वन्संनी घमेल्यात हात बुडवला. मग एकदम म्हणाल्या, "हे पाणी गार आहे."

"हौ, नळ का है."

"पण गाडी चालते तेव्हा हा गार कुठं असतो? तापला की धातू फुगतो. गार असताना मिटलेली फट तापल्यावर उघडत असेल. गरम पाण्यात बुडवा."

शेजारच्या चहाच्या गाड्यावरून मी मोठं पातेलं भरून कढत पाणी आणलं. घमेल्यात वाफा येत होत्या. कूलर त्यात थोडा वेळ नुसता ठेवला, मग लतीफभाईंनी हवा सोडली. आधी काही नाही. मग पाण्याच्या वाटेच्या उघड्या तोंडातून एक बारीक मोती वर आला. त्यामागून दुसरा, आणि मग माळच लागली. लतीफभाईंनी दोन्ही हात वर केले आणि "बाई... बाई..." एवढंच म्हणत राहिले. वन्सं जे हसल्या, ते हसणं मी मघाशी सांगितलं तेच. समोरच्या दुकानातली माणसं बाहेर येऊन बघायला लागली. चहावाल्यानं सगळ्यांना चहा पाजला. त्याचा रंग बघून आम्ही दोघी पुन्हा हसलो.

इथून पुढं सूत्रं लतीफभाईंकडे गेली, आणि वन्सं शिष्येसारख्या ऐकत होत्या. नवा कूलर बसवला. पण आतली घाण काढणं हे त्याहून किचकट काम होतं. लतीफभाईंनी थर्मोस्टॅट, म्हणजे पाणी तापेपर्यंत रेडिएटरची वाट अडवणारी झडप, काढून ठेवली. ती मिटलेली राहिली तर निम्मं इंजिन धुतलंच जात नाही. रबरी नळ्या दाबून दाखवल्या, तेल पिऊन त्या फुगून मऊ पडल्या होत्या. त्या बदलल्या. मग भांड्यांचा साबण बेतानं घालून, पाणी भर, इंजिन तापव, गार होऊ दे, सोडून दे, असं सुरू झालं. सोडलेलं पाणी गटारात नाही, पिंपात. सायंकाळी पाणी बऱ्यापैकी स्वच्छ दिसलं, म्हणून वन्संनी होटगी रस्त्यापर्यंत एक चक्कर मारली. परत येऊन झाकण उघडलं तर वर पुन्हा तीच तपकिरी साय.

त्या संध्याकाळी वन्सं माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसल्या. मी भाकरी थापत होते. म्हणाल्या, "मंदा, मी चुकले असेन तर? कूलरही फुटला असेल आणि हेडही..." त्यांच्या तोंडून 'मी चुकले असेन' हे मी पहिल्यांदा ऐकत होते. समोर ओट्यावर लोणच्याची रिकामी बरणी पडली होती, ती मी कालपासून धूत होते. म्हटलं, "वन्सं, तेलाची बरणी एका पाण्यात कधी निघाली आहे का? आणि हे तर अख्खं इंजिन."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग बरणीकडे. "बरोबर आहे तुझं," म्हणाल्या. "राहिलेलं तेल असेल तर दर धुण्याला कमी होत जाईल. अजून गळत असेल तर कमी होणार नाही. मग मोजू की."

दुसऱ्या दिवसापासून दर धुण्याचं थोडं थोडं पाणी आम्ही काचेच्या बरण्यांत भरून आणलं. माझ्या घरातली एक बरणी शिल्लक राहिली नाही. त्या सगळ्या वन्संच्या गॅलरीत कठड्यापाशी ओळीनं मांडल्या. पहिलीत वर बोटभर जाड तपकिरी थर. दुसरीत त्याहून कमी. त्यापुढच्यात नुसती कड, मग तेलाचे सुटे डोळे. बिल्डिंगमधली माणसं येता-जाता विचारायची, कसलं औषध करताय? हेही चहाचा कप घेऊन गॅलरीत यायला लागले, आणि एकदा स्वतःच म्हणाले, "ताई, आज बराच उतार आहे." शेवटची बरणी वन्संनी उन्हात धरली, तेव्हा तिच्यातून समोरच्या बिल्डिंगचे दांडीवरचे कपडे लख्ख दिसत होते. लतीफभाईंनी झडप बसवली, डिस्टिल्ड वॉटरमध्ये इंजिन गार ठेवणारं हिरवं कूलंट मिसळून भरलं आणि बॉनेट आपटून बंद केलं. "ले जाव बाई. अब ये आपकू नक्को बोलनेवाली नहीं."

पुढच्या शनिवारी आम्ही निघालो, तेव्हा ज्वारीची काढणी सुरू झाली होती. पूर्ण वाटभर मी काट्याकडे बघत होते, वन्सं रस्त्याकडे. काटा मध्यावर खिळ्यासारखा ठोकलेला. माळावर बिरप्पानं गाडी ओळखली आणि मेंढरांतून वाट काढत रस्त्यावर आला. वन्संनी गाडी थांबवली, गार होऊ दिली आणि मुद्दाम त्याच्यासमोर झाकण उघडलं. आत हिरवंगार स्वच्छ कूलंट.

"च्या संपला व्हय, बाई?"

"संपला की."

"लई ब्येस झालं," तो म्हणाला. "पोरगी रोज इचारत हुती, गाडी कवा येनार म्हून. आमी म्हनलं, बाई हायत न्हवं, मग येनारच."

त्या दिवशी उन्हं कलेपर्यंत पोरी प्रयोग करत होत्या. परीक्षा तोंडी झाली नाही, हातांनी झाली. रेणुका आज सोलापुरात रक्ततपासणीच्या लॅबमध्ये आहे. वन्सं गेल्यावर भेटायला आली, तेव्हा वडिलांना बरोबर घेऊन आली होती. बिरप्पा खाली व्हॅनपाशीच जरा वेळ उभा राहिला आणि मग वर आला.

त्या परीक्षेनंतर वन्संनी मलाही गाडी शिकवली, तीही पन्नाशीनंतर. आम्ही आळीपाळीनं चालवायचो. त्या बुटक्या, मी चांगली उंच. त्यामुळे स्टिअरिंगशी बसलं की प्रत्येकीचं पहिलं काम म्हणजे सीट सरकवणं. "कुठं नेऊन ठेवलीस गं ही, विजापूरला?" असं म्हणत त्या ती पुढं ओढायच्या. शेवटच्या शनिवारी त्यांनीच चालवली होती.

दिवसकार्य झालं, आणि त्यानंतरच्या शनिवारी मी एकटीच खाली उतरले. कप्पे लावले, दार उघडून बसले. गुडघे थेट स्टिअरिंगला टेकले. हे व्हॅनच्या खिडकीपाशी उभे होते. म्हणाले, "सीट मागं घे की."

"असू दे आज," मी म्हटलं.

क्लच दाबताना दर वेळी गुडघा लागत होता. मैंदर्गीपर्यंत तशीच गेले.